गळ्याची डावी बाजू

विम्याच्या कागदांवर जखमेला ठरलेला कोड नंबर द्यायचा, तर जागा चुकू नये म्हणून आमच्या इस्पितळात आम्ही कारकून आपल्याच अंगावर बोट ठेवून बघतो.

आजच्या पेशंटला गळ्याच्या डाव्या बाजूला उघडी जखम होती. मी माझ्या गळ्यावर तिथंच बोट ठेवलं.

"जखमेत काही अडकून राहिलंय का, तेच डॉक्टरांनी लिहिलं नाही! त्यावर तर कोड ठरतो," मी करवादले.

"मग जाऊन विचार की, लोरेटा," मक्याचा पाव चघळत शेजारची ट्विला म्हणाली. "तुझ्या गळ्याला काय माहीत?"

बोटाला ओल लागली.

"ट्विला, बघ गं, रक्त आहे का?"

"कुठंय? नुसतं बोट टेकवलंयस. काढ आता, नाटकी कुठली!"

मी ओढलं. निघेना. ते दोन पेरं आत गेलं होतं, आणि आतून कुणीतरी घट्ट धरलं होतं.