पडद्याशेजारची जागा

“सही करा, नाहीतर हा डबा आत्ता अंगणात नेऊन पेटवतो,” पोलीससाहेब म्हणाले.

टेबलावर फिल्मचा डबा होता. सरकारी रानातलं गवत कापून कायदा मोडणाऱ्या बाया त्यात होत्या आणि त्यांच्यावर पडणाऱ्या पोलिसांच्या काठ्या होत्या. मोरोपंतांनी ते सगळं झुडपाआडून टिपलं होतं. दुसरी प्रत नव्हती.

कागदावर एकच अट होती. खेळाआधी पडद्यावर पाटी दाखवायची : ‘यातील सर्व प्रसंग काल्पनिक आहेत. असे कोठेही घडलेले नाही.’

साहेब हसले. “तुमचा तो सामाजिक मूकपट लोकांना खरा वाटला नाही, मोरोपंत. आता हे खरं त्यांना नाटक वाटू द्या.”

हे मात्र खोटं नव्हतं. तो मूकपट अमरावतीत तीन दिवसांत उतरला होता. त्यानंतर नऊ वर्षं मोरोपंत जत्रा, बैलबाजार, कापसाच्या गाड्या टिपत हिंडले. त्यातलं काही आपल्यामागे उरेल असं त्यांना कधी वाटलं नाही. या डब्याबद्दल वाटलं.

त्यांनी सही केली. डबा काखेत मारून ते निघाले.

अकोल्याला वामनराव मास्तर भडकले. खेळ चालू असताना पडद्याशेजारी उभं राहून पाट्या मोठ्यानं वाचून दाखवायचं काम त्यांचं. खेड्यांतून आलेल्या प्रेक्षकांना त्याशिवाय गोष्ट कळत नसे.

“काहून सही केली तुम्ही? त्यापेक्षा हातात बांगड्या भरा! ही असली पाटी मी वाचणार नाही.”

“नका वाचू,” मोरोपंत खाली मान घालून म्हणाले. “उद्या तुम्ही येऊच नका.”

दुसऱ्या दिवशी दुपारी कापसाचं रिकामं गोदाम माणसांनी भरलं. दारं लावून अंधार केला. पाटी दाखवतात की नाही हे पाहायला हवालदार पुढच्या बाकावर बसला होता. मोरोपंतांनी यंत्राचं हँडल फिरवलं. पाटी आली. शब्दाला शब्द, साहेबांनी सांगितली तशीच.

वाचता येणारे चार-दोन होते, ते गप्प राहिले.

“मास्तर, काय लिहून हाय जी?” मागून कोणीतरी ओरडलं.

पडद्याशेजारी मास्तर नव्हते. तिथे पदर खोचून मैनाबाई उभी होती. गवत कापणाऱ्या बायांत ती सगळ्यांत पुढे होती. मोरोपंत सकाळीच तिच्या गावी जाऊन तिला गाडीतून घेऊन आले होते.

हवालदार उठला. “ए बाई, पाटी वाच!”

“मले कुठं वाचता येते, हवालदारसाहेब?”

“दाखवायची अट होती,” यंत्रामागून मोरोपंतांचा आवाज आला. हात थांबला नव्हता. “दाखवली.”

पडद्यावर गवत हलू लागलं. मैनाबाई लोकांकडे वळली.

“वाचता नाई येत, पन मी तिथं होती. पाहा, आता पहिली काठी पडन. थे माह्या पाठीवर पडली.”