पुन्हा खोटं नाही

समाजमंदिरात माहितीपट सुरू होता आणि पडद्यावर आई बोलत होती. तिला जाऊन महिना झाला होता. इतक्या मोकळेपणानं बोलताना मी तिला कधी ऐकलंच नव्हतं.

"लग्नाच्या रात्री जातपंचायतीचे पंच दाराबाहेर बसायचे. चादरीला रक्त लागलं तर नवरी खरी. नाही तर तिला चपलांनी मारायचे. माझी चादर कोरीच राहिली. तेव्हा ह्यांनी ब्लेडनं स्वतःची पोटरी कापली, चादर बाहेर नेली आणि 'नवरी खरी आहे' म्हणून सांगितलं."

थोरल्या काकांनी खुर्ची उचलून पडद्यावर फेकली. ते आता स्वतः पंच आहेत. चौघांनी माझ्या शेजारी बसलेल्या बाबांना खाली पाडलं. पहिली काठी खांद्यावर बसली, दुसरी तोंडावर.

"सख्ख्या बापाला, पंचांना फसवलंस, मुरल्या?" काका ओरडले. "बोल, बायको खोटारडी होती. लगेच सोडतो."

मी बाबांच्या अंगावर आडवी पडले. "म्हणा ना, बाबा! आई काय ऐकायला येणार आहे?"

मला त्यांना जिवंत घरी न्यायचं होतं.

बाबांनी रक्त थुंकलं आणि मला हातानं बाजूला सारलं.

"तिला वाचवायला एकदा खोटं बोललो, दादा," ते म्हणाले. "आता मला वाचवायला तिला खोटी पाडू?"

काकांनी काठी दोन्ही हातांनी उचलली. बाबांनी डोळे मिटले नाहीत.