चाळीस पडदे
वडील गेल्यावर धाकट्या भावाने मला गिऱ्हाइकांसमोर वडिलांच्या टीव्ही-दुरुस्तीच्या दुकानातून हाकललं होतं. म्हणाला, “बाईच्या हाती रिपेअरिंग दिलं की धंदा बसतो.” परवा तोच माझ्या दारात टीव्हीचा रिसीव्हर घेऊन उभा राहिला. एका हॉटेलच्या चाळीस रिसीव्हरमध्ये त्याने चुकीचं सॉफ्टवेअर भरलं होतं. सगळे बंद, नुसता लाल दिवा. कंपनीच्या मूळ सॉफ्टवेअरची प्रत फक्त माझ्याकडे होती. “ताई, अब्रू वाचव. पण तू केलंस हे कुणाला सांगू नकोस.” “मी कशाला सांगू?” मी त्याच्यासमोर तो रिसीव्हर जिवंत केला. बाकीच्यांसाठी पेनड्राइव्हवर फाइल देताना मात्र, सुरू होताना पडद्यावर कंपनीचं नाव झळकतं तिथे माझं वाक्य टाकलं. त्याच संध्याकाळी एकोणचाळीस पडद्यांवर अक्षरं उमटली: ‘दुरुस्ती ताईची, हमाली भावाची.’ मग हॉटेलमालकाने भावाच्याच फोनवरून मला विचारलं, “ताई, उद्यापासून आमचं काम तुम्हीच बघाल का?”