दहावा प्रश्न

या, असे पुढे सरका. मागे खांबाला टेकलेले, तुम्हीसुद्धा. बुवांच्या पेटीचा सूर लागेपर्यंत एक गोष्ट सांगून होईल.

पुंडलिक घरतांची पिशवी भरून दाराशी तयार होती. सदरा, टॉवेल, टाळांची जोडी. साडेचार वाजून गेले आणि पेणची गाडी चुकणार, या घोरानं ते पडवीत येरझाऱ्या घालत होते. अष्टमी गावातून पूल ओलांडून रोह्याचा स्टँड गाठायचा, तिथून नागोठण्यावरून पेण. पुलावर कंपनीच्या बसेस अडकल्या तर संपलंच.

पेणला बुद्धिबळपटूंच्या आयुष्यावर प्रश्नांची स्पर्धा. तिथं जायचं तर आधी इथं दहापैकी दहा उत्तरं बरोबर यायला हवीत. एक जरी हुकलं तरी घरी बसायचं. काल नऊ आली होती. परवाही नऊच.

परीक्षक बाई वही घेऊन समोर बसल्या. मध्ये पट मांडलेला होता. काळा वजीर केव्हाचा हरवलेला. बाईंनी कोनाड्यातल्या पितळी करंडकात हात घालून एक सुपारी काढली आणि वजिराच्या घरात ठेवली.

"वजिराशिवाय पट बघवत नाय," पुंडलिकराव म्हणाले. "कुणी हरवला कोण जाणे."

"सुपारी हाय ना. चालवून घ्या." बाईंनी वही उघडली. "गाणारा जगज्जेता कोण?"

पुंडलिकरावांनी बसायचीही वाट पाहिली नाही. स्मिस्लोव्ह. मॉस्कोच्या नाट्यगृहात गायला गेला, थोडक्यात निवड हुकली, मग काही वर्षांनी जगज्जेता झाला. आपल्या मारुतीच्या देवळात आला असता तर बुवांनी त्याला हात धरून मागे उभा केला असता, असंही त्यांनी सांगून टाकलं.

"आधी टाळ धरता येतात का ते बघितलं असतं बुवांनी," बाई म्हणाल्या आणि वहीत खूण केली.

मग उजव्या हाताला तीनच बोटं असून पियानो वाजवणारा ताल नावाचा जगज्जेता सांगून झाला. डोळे बांधून खेळणारा, आणि एरवी नाटकांना संगीत देणारा फिलिदोर झाला. सुलतान खानाचं नाव निघालं तेव्हा मात्र पुंडलिकराव खाली बसले. देशी डावात वाढलेला माणूस. त्या डावात प्यादं पहिल्या चालीलाही एकच घर पुढं जातं. तो विलायतेत गेला, तिकडचे नियम शिकला आणि तीनदा तिथला विजेता झाला. हे सांगताना त्यांचा आवाज कीर्तनात आख्यान रंगावं तसा भरून आला. बाई वही मिटून ऐकत राहिल्या, जणू पहिल्यांदाच ऐकत होत्या.

पाणी भरून परतणारी शेजारची रोहिणी पायरीशी थबकली. "काय गो काकी, आज तरी पास करणार का नाय?"

"तू चल आपली," बाई म्हणाल्या.

पुंडलिकरावांना ते रुचलं नाही. परीक्षकाशी बाहेरच्यांनी बोलणं बरं दिसत नाही, असं त्यांनी बजावलं. पुन्हा घड्याळ पाहिलं. नऊ उत्तरं झाली होती, नऊच्या नऊ बरोबर.

"विचारा दहावा. गाडी जाईल."

बाईंनी या वेळी वहीत पाहिलं नाही.

"धरमतरच्या खाडीकडला एक खेळाडू. पेणला जिल्ह्याचा करंडक जिंकला त्यानं. तो खेळायला जायचा तेव्हा त्याच्या वाटणीचं मीठ ओढायला त्याची बायको मिठागरात उतरायची. पाय फुटायचे, पण त्याची एक स्पर्धा तिनं चुकू दिली नाय. त्या बाईचं नाव काय?"

पुंडलिकराव उठले. पडवीच्या टोकापर्यंत गेले, परत आले. 

"खेळाडूचं नाव सांगा. त्यावरून बायकोचं काढतो."

"त्यांचं नाव मला घेता येत नाय."

"नियम हाय तसा?"

"व्हय. जुना नियम हाय."

नियमापुढे ते नेहमीच गप्प होत. हात लावलेलं मोहरं हलवलंच पाहिजे, या शिस्तीतला माणूस. त्यांनी सुपारी उचलली, बोटांत फिरवली, वास घेतला. बाईंनी श्वास धरला. पुंडलिकरावांनी सुपारी पुन्हा जागेवर ठेवली.

"हे पुस्तकात नाय," ते चिडून म्हणाले. "कुणाच्या बायकोचं नाव कोण लिहून ठेवतो? असले प्रश्न विचारता आणि गाडी चुकवता."

"उद्या पुन्हा विचारीन."

"उद्या लवकर या मग." जरा वेळानं त्यांचा राग उतरला. "तुमच्या घरी चालतं का, रोज असं आमच्याकडे येऊन बसलेलं?"

"चालतं. आमचे हे काय बोलत नाय त्यावर."

"भला माणूस दिसतो."

"व्हय," बाई म्हणाल्या. "लय भला."

त्यांनी पट आवरला. सुपारी करंडकात टाकली. दाराशी ठेवलेली पिशवी उचलून खुंटीला लावली. मग पायरी न उतरता त्या आत गेल्या, दोघांचा भात टाकायला.

बुवा उभे राहिले बघा. आता गजर सुरू होईल. देवाचं नाव घ्याल तेव्हा त्याच्या शेजारी आणखी एक नाव ठेवा, तुम्ही तरी लक्षात ठेवा: हौसा पुंडलिक घरत.