शेवटून दुसरं नाव

एकतीस वर्षं रविवार संध्याकाळचा गप्पांचा कार्यक्रम एमलिननं कार्डिफच्या स्टुडिओतून थेट चालवला. पडद्यावर तो कधी दिसला नाही. शेवटी नावं धावायची, त्यात शेवटून दुसरं त्याचं. ते दोन सेकंदांचं नाव वाचायला लॅनेली गावी त्याची आई टीव्हीला नाक लावून बसायची आणि लगेच फोन करायची. रविवारच्या जेवणाला मात्र तिनं त्याला एकदाही बोलावलं नाही. कामाच्या दिवशी पोराला पेचात कशाला टाकायचं?

ईस्टरला कार्यक्रम दुसऱ्या कुणाकडे दिला गेला. आईला हे सांगायला एमलिनची जीभ रेटेना. रविवारी तो फ्लॅटवर एकटाच टीव्हीपुढे बसायचा. शेवटून दुसरं नाव आता भलत्याच बाईचं असायचं. आईचा फोन मात्र ठरल्या वेळी यायचाच.

"पाहिलं हो तुझं नाव. मेले कोपऱ्यात दाबून पळवतात, पण मी बरी सोडीन."

"हो का," एवढंच तो म्हणायचा. शहाऐंशीची झाली, दिसत नसेल आता, अशी त्यानं मनाची समजूत घातली होती.

सातव्या रविवारीही ती तेच म्हणाली. आणि लगेच पुढे,



"पुढच्या रविवारी इकडेच ये जेवायला. मटण भाजते. बटाटे तेवढे तू सोल."