रिकामा आवाज

"सही-बिही काही नाही. आधी तो आवाज लावा," प्रेमिला म्हणाली.

मनीषनगरच्या फ्लॅटमधली दामिनीची एडिटिंगची खोली तिघींना अपुरी पडत होती. परवानगीचा कागद टेबलावर होता. सिनेमा शोभाताईंच्या खापरखेड्याच्या घरात चित्रित झाला होता. त्यांच्या सहीशिवाय तो महोत्सवाला जाणार नव्हता, आणि मुदत पाच वाजेपर्यंत होती. दामिनीचे आधीचे तीन सिनेमे नागपुरातल्या एकाही थिएटरने लावले नव्हते. हा परदेशात निवडला गेला होता.

रोज चित्रीकरण संपलं की त्या जागेचा एक मिनिट नुसता आवाज मशीनवर घ्यायचा, ही दामिनीची सक्ती. पंखा बंद. कोणी बोलायचं नाही, हलायचं नाही. संवादांमधल्या फटी त्या आवाजाने बुजवायच्या. त्या क्वार्टरमध्ये शेवटच्या दिवशी ते मिनिट घेतलं, तेव्हा शोभाताईंचे सासरे चंपतराव आतल्या खोलीत झोपून होते. मिनिट संपल्यावर ते पलंगावरून खाली पडलेले सापडले. दवाखान्यात पोचण्याआधीच गेले.

प्रेमिला त्यांची मुलगी. "तुले हाक मारल्याबिगर माझा बाप उठणार नाही," ती म्हणाली. "काहून वं वहिनी, सिनेमापायी बसून राहिली ना तू?"

तेरवीला शोभाताईंच्या हातचं पाणीही कोणी घेतलं नव्हतं.

"नाही मारली हाक," शोभाताई म्हणाल्या. "मशीन सांगंल."

दामिनीने ते मिनिट ऐकलेलं होतं. त्यात 'सूनबाई' अशी हाक होती. मग खुर्ची सरकल्याचा आवाज. शोभाताई उठत होत्या आणि दामिनीने हात करून त्यांना बसवलं होतं. तो हात मशीनमध्ये उमटला नव्हता.

खरं मिनिट लावलं तर सही गेली. तिने त्याच घरात आदल्या दिवशी घेतलेलं मिनिट लावलं.

साठ सेकंद. लांबवर एक कुत्रं भुंकलं. बाकी काही नाही.

प्रेमिला स्पीकरकडे पाहत राहिली. "लोकं तं काहीबी बोलतात," ती म्हणाली. मग खाली बघत, "चुकली मी, वहिनी." आणि जिना उतरून गेली.

शोभाताईंनी सही केली. दामिनीने कागद ओढून घेतला. तरी तिला राहवलं नाही.

"शोभाताई, ते आदल्या दिवशीचं होतं. खऱ्यात हाक आहे. मी तुम्हाला बसवलं नसतं, तर…"

"खरं तं तुम्ही लावणारच नव्हत्या. मले ठाऊक होतं." शोभाताईंनी पेनाचं टोपण लावलं. "अन् तुमच्या हाताचं काय सांगता मले? मशीन सुरू व्हायच्या आधी दोनदा बोलावलं त्यायनं. तवा मले कोणीच अडवलं नव्हतं."