नंदाच्या पाच गोगलगायी

नंदाच्या गोगलगायी केव्हाच मेल्या आहेत, हे हिंमतरावांना मंगळवारी सकाळी पुण्यातल्या मांजरी भागात, शोभेच्या माशांच्या दुकानात कळलं.

ते समुद्रफेस घ्यायला गेले होते. त्याचा तुकडा टाकीत ठेवला की गोगलगायींचं कवच पक्कं राहतं. दुकानदार प्रज्ञेशने तो कागदात गुंडाळला आणि सहज विचारलं, "काका, शनिवारच्या पाचही टिकल्या ना?"

"शनिवारच्या कुठल्या?"

"मॅडमनी नेल्या त्या. सोनेरी." प्रज्ञेश थांबला. "तुमच्याच सूनबाई ना त्या?"

हिंमतराव समुद्रफेस काउंटरवरच विसरून घरी आले.

त्यांच्या बायकोला, नंदाला, जाऊन आठ महिने झाले होते. तिच्यामागे हॉलमधली काचेची टाकी, तिच्यातल्या पाच सोनेरी गोगलगायी आणि एक वही राहिली. वहीत सगळं लिहिलेलं होतं. काकडी उकडून, गार करून घालायची. उरलेली संध्याकाळी काढायची. नळाचं पाणी थेट घालायचं नाही, रात्रभर ठेवलेलंच घालायचं. झाकण उघडं ठेवायचं नाही, रात्री बाहेर पडतात.

हिंमतराव वहीबाहेर जात नसत. टाकीतलं पाणी रोज थोडं आटायचं, तेवढं सकाळी ते स्वतः भरायचे, नंदाच्या लोटीने. शेवटच्या आजारात ती लोटी रात्री भरून ते तिच्या उशाशी ठेवत, आणि सकाळी नंदा आधी ते पाणी पिई. ती गेल्यावरही लोटी चिंचेने घासून भरायची सवय सुटली नाही. तिचं पाणी मोरीत ओतायला हात होत नव्हता. रात्रभर ठेवलेलंच असायचं ते. टाकीत चालायचं.

पाणी घालून झालं की ते खुर्ची ओढून बसत आणि गोगलगायींशी बोलत. त्या कधी मोठ्या दिसत, कधी लहान. मोतीबिंदू वाढला असेल, असं त्यांना वाटे.

त्यांची सून भाग्यश्री खराडीतल्या कंपनीचं काम मंगळवारी घरूनच करायची. हिंमतराव चपला न काढताच तिच्यासमोर उभे राहिले.

"टाकीतल्या गोगलगायी कुणाच्या?"

"आईंच्या."

"प्रज्ञेश म्हणतो, शनिवारच्या."

भाग्यश्रीने लॅपटॉप मिटला. "हो. मी आणल्या."

"आधीच्या?"

"मेल्या, बाबा."

"असं किती वेळा झालं?"

"सहा."

"वा. कंपनीने बढती द्यायला हवी तुला. एवढं बेमालूम काम!" त्यांचा आवाज चढला नव्हता. "मेल्या कशाने?"

भाग्यश्रीने एकदा ओट्याकडे पाहिलं. "माझ्या हातून. काचेवर शेवाळ धरलं होतं, त्याचं औषध घातलं. जास्त पडलं."

"सहाही वेळा?"

"ते पाण्यात राहून जातं."

"म्हणून दर रविवारी अर्धी टाकी उपसतेस होय? मला वाटायचं, हौस आहे."

ती मिटलेला लॅपटॉप उगाच सरळ करू लागली.

"म्हणजे इतके महिने मी दुकानातल्या गोगलगायींना नंदाच्या गोष्टी सांगत होतो," हिंमतराव म्हणाले. "आणि तू इथे चहा पीत ऐकत होतीस."

भाग्यश्रीचे डोळे भरले. त्यांनी ते पाहिलं आणि तोंड फिरवलं.

संध्याकाळी मुलगा आनंद म्हणाला, "बाबा, एवढं काय? गोगलगायीच आहेत."

"म्हणूनच. तेवढ्यासाठी मला फसवायचं कशाला?" हिंमतराव म्हणाले. भाग्यश्री समोरच पोळ्या लाटत होती. "तिला सांग, टाकीला यापुढे हात लावायचा नाही. आणि माझ्याशी बोलायची गरज नाही."

त्या दिवसापासून त्यांनी तिच्याशी बोलणं बंद केलं. ती चहा ठेवून गेली की मगच ते कपाला हात लावत. प्रज्ञेशकडून समुद्रफेस आणला. काकडी आणखी मऊ उकडली. सकाळची लोटी चुकवली नाही. रविवारी पाणी उपसलं नाही, कारण दर रविवारी उपसा असं नंदाने कुठे लिहिलं नव्हतं. या गोगलगायी नंदाच्या नव्हत्या, तरी त्यांना जगवून दाखवायचंच, असं त्यांनी ठरवलं होतं.

तिसऱ्या दिवशी काकडी तशीच राहिली. सहाव्या दिवशी पाचही जणी कवचात शिरून बसल्या. नवव्या दिवशी झाकण उघडलं आणि वास आला.

हिंमतरावांनी टाकीतलं पाणी बाटलीत भरलं आणि दुकान गाठलं.

"सुनेचं औषध अजून पाण्यात आहे. तपास आणि कागदावर लिहून दे. मुलाला दाखवायचंय."

प्रज्ञेशने छोट्या नळीत पाणी घेतलं, त्यात थेंब टाकले आणि रंग तक्त्याशी लावून पाहिला. त्याला नवल वाटलेलं दिसलं नाही.

"औषध नाही हे, काका. तांबं आहे. गोगलगायींना जरासुद्धा सोसत नाही."

"टाकीत तांबं कुठून येईल?"

"मॅडम फेब्रुवारीत पाणी घेऊन आल्या होत्या, तेव्हाही हेच निघालं. मी म्हटलं, तांब्याच्या भांड्यातलं पाणी टाकीत जात असेल, तेवढं बंद करा. बराच वेळ उभ्या राहिल्या इथे. मग म्हणाल्या, ते बंद करायला मी सांगू शकत नाही. तू पाच गोगलगायी दे."

हिंमतराव घरी आले. ओट्यावर नंदाची लोटी पालथी होती, चिंचेने घासलेली, लालसर, लखलखीत. पलीकडच्या खोलीत भाग्यश्री कामाच्या फोनवर बोलत होती.

याला आता चार दिवस झाले. टाकी अजून उपसलेली नाही, आणि हिंमतराव भाग्यश्रीशी अजून बोललेले नाहीत.